हप्ता परवडतो, पण घर पडते केवढ्याला?

काही दिवसांपूर्वी बेएर शेवा येथे एका तरुण जोडप्याच्या नव्या घराच्या मलिद्याला आम्ही गेलो होतो. एलियाहू हन्नाबीचे गीत झाले, मलिद्याचे ताट फिरले, आणि मग समाजातील एक वडीलधारे गृहस्थ बोलावयास उभे राहिले. भाडे देणे म्हणजे पैसा पाण्यात टाकणे आणि मश्कंता फेडणे म्हणजे आपलाच पैसा आपल्याच घरात ठेवणे, असे त्यांनी सांगितले. सर्वांनी माना डोलावल्या. जेवताना आम्ही त्या मुलाला सहज विचारले, "बाळा, कर्ज किती वर्षांचे?"

"तीस, मावशी."

"आणि तीस वर्षांत बँकेला एकूण किती जाणार?"

त्याने बायकोकडे पाहिले, बायकोने सासूकडे पाहिले. मग तो म्हणाला, "हप्ता पाच हजारांच्या थोडा वर आहे. आम्हाला बसतो."

हा "बसतो" शब्द आम्ही आमच्या समाजात गेली चाळीस वर्षे ऐकत आहोत, आणि त्याच्याविरुद्धच आज आम्हाला लिहावयाचे आहे. त्या वडीलधाऱ्या गृहस्थांविषयी आमच्या मनात आदर आहे. परंतु त्यांचे म्हणणे चुकीचे आहे, आणि अशा प्रसंगी, अशा तोंडून आल्यामुळे ते अधिकच घातक आहे.

आम्ही जन्मभर परिचारिकेचे काम केले. रोग्याच्या खाटेशी एक तक्ता टांगलेला असतो. पोटात किती गेले, बाहेर किती आले, याची दर तासाला नोंद करतात. पण डॉक्टर सकाळी येतात तेव्हा ते एका तासाचा आकडा विचारीत नाहीत, चोवीस तासांची बेरीज विचारतात. एका तासाचा आकडा नेहमीच ठीक दिसतो. सूज चढते ती बेरजेत दिसते. आमची मुले मश्कंतेच्या कागदावर फक्त एका तासाचा आकडा वाचतात आणि सही करतात.

आता बेरीज करू. मुंबईला सर एली कदूरी शाळेत आम्हाला व्याजाची गणिते मराठीतून शिकविली गेली, ती अजून विसरलो नाही. दहा लाख शेकेल, म्हणजे इथल्या बोलीत एक मिल्यन, पाच टक्के स्थिर व्याजाने तीस वर्षांसाठी घेतले, तर शपित्सर पद्धतीने महिन्याचा हप्ता ५,३६८ शेकेल येतो. तीनशे साठ हप्त्यांची बेरीज सुमारे १९,३२,५०० होते. म्हणजे दहा लाख घेतले आणि नऊ लाख बत्तीस हजार वर दिले. पहिल्या हप्त्यातले ४,१६७ शेकेल व्याजाचे असतात आणि मुद्दलाच्या वाट्याला जेमतेम १,२०१ येतात. दहा वर्षे एकही हप्ता न चुकवता भरले, तर बँकेत ६,४४,००० गेलेले असतात. मुद्दल किती उतरले असेल? १,८६,६०० च्या आसपास. दहा वर्षांनंतरही आठ लाख तेरा हजारांचे देणे शिल्लक! "आपलाच पैसा आपल्याच घरात" तो हाच का?

हेच कर्ज वीस वर्षांत फेडावयाचे ठरविले तर हप्ता ६,६०० होतो आणि एकूण रक्कम १५,८४,०००. महिन्याला सव्वाबाराशे जास्त, आणि शेवटी साडेतीन लाख कमी. आता कोणी म्हणेल, सव्वाबाराशे आणावयाचे कोठून? प्रश्न खरा आहे. दोन लहान मुले, पाळणाघर, गाडीचा विमा, हे आम्हाला दिसत नाही असे नाही. पण ज्या घरात सव्वाबाराशे निघत नाहीत, त्याच घरात कर्जाबरोबर नवे स्वयंपाकघर, नवा सोफा आणि नवी गाडी कशी येते, हे आम्हाला अजून कळलेले नाही.

आता त्या वडीलधाऱ्या पिढीकडे वळतो, कारण त्यांनी ही समजूत कोठून आणली ते सांगितले पाहिजे. त्यांनी ती हवेतून काढलेली नाही. आमच्या ओळखीच्या एका कुटुंबाने १९७४ साली लोदमध्ये घर घेतले. त्यांचे कर्ज महागाईच्या निर्देशांकाला, म्हणजे मदादला, जोडलेले नव्हते. हप्ता होता २०० लिरा. फेब्रुवारी १९८० मध्ये दहा लिरांचा एक शेकेल झाला, तेव्हा तो हप्ता २० शेकेल झाला. सप्टेंबर १९८५ मध्ये हजार शेकेलांचा एक नवा शेकेल झाला, तेव्हा तोच हप्ता उरला दोन अगोरा. दोन अगोरांत कोथिंबिरीची काडीसुद्धा येत नव्हती. महागाईने त्यांचे कर्ज फेडले. त्यांनी मुलांना सांगितले, नातवंडांना सांगितले, "कर्ज काढा, घाबरू नका, पुढे ते काहीच वाटत नाही." त्यांच्यापुरते ते अक्षरशः खरे होते.

आमचे तसे झाले नाही. आम्ही १९७८ साली या देशात आलो आणि १९८३ साली, लग्नानंतर एक वर्षाने, घर घेतले. आमचे कर्ज मदादला जोडलेले होते. त्या शेजाऱ्यांच्याच सल्ल्याने, त्यांच्याच आश्वासनावर आम्ही सही केली. जोडलेले आणि न जोडलेले यांत फरक काय, हे त्यांनाही ठाऊक नव्हते आणि आम्हालाही नव्हते. बँकेच्या कारकुनाने हिब्रूत भराभर काहीतरी वाचून दाखविले आणि बोट ठेवून सहीची जागा दाखविली. १९८४ या एका वर्षात किमती सुमारे ४४५ टक्क्यांनी वाढल्या. किमती वाढल्या तसे आमचे मुद्दलही वाढले. पगारातही महागाई भत्ता वाढत होता, पण तो नेहमी मागाहून धापा टाकीत येई. रात्रपाळ्या वाढवून हप्ते भरले. वर्षाअखेरीस बँकेचे पत्र आले की उरलेले कर्ज मूळ कर्जाच्या कितीतरी पट आहे. आमचे यजमान ते पत्र दिव्याखाली धरून पुन्हापुन्हा वाचीत होते, की शून्ये मोजण्यात आपलीच चूक होते आहे की काय. चूक नव्हती. १९८५ च्या जुलैमध्ये सरकारने आर्थिक स्थैर्याची योजना आणली, भाव हळूहळू आवरले, तेव्हा कोठे आम्ही शांत झोपलो.

एकाच गल्लीतली दोन घरे, दोन्ही घरांना मश्कंता, आणि एकाचे कर्ज महागाईने खाल्ले तर दुसऱ्याचे महागाईने पोसले. म्हणून "मश्कंता चांगली की वाईट" हा वाद पोकळ आहे. कोणत्या जातीची मश्कंता, हे विचारा.

हे सारे जुने झाले, असे कोणी म्हणू नये. मदादला जोडलेला भाग आजही बँका देतात, आणि त्याचा पहिला हप्ता हलका असतो म्हणून आमची मुले आजही घेतात. दहा लाख शेकेल तीन टक्क्यांनी तीस वर्षांसाठी, मदादला जोडून, घेतले तर पहिला हप्ता ४,२१६ येतो. पाहा किती स्वस्त! आता महागाई दर वर्षी तीन टक्के धरा. हा आकडा आम्ही भीती घालण्यासाठी फुगविलेला नाही. या देशात २०२२ साली महागाई ५.३ टक्के होती, २०२३ साली ३ टक्के आणि २०२४ साली ३.२ टक्के. या हिशेबाने पाच वर्षांत तुम्ही सुमारे २,७०,००० शेकेल भरता, हप्ता ४,८९० च्या घरात पोचतो, आणि शिल्लक कर्ज असते १०,३०,०००. पाच वर्षे भरून तीस हजारांनी जास्त देणे!

प्राइमची गोष्ट तशीच. बँक ऑफ इस्राएलचा दर अधिक दीड टक्का म्हणजे प्राइम. २०२२ च्या आरंभी बँक ऑफ इस्राएलचा दर ०.१ टक्का होता, म्हणजे प्राइम १.६. त्या वेळी ज्याने पाच लाख शेकेल प्राइमच्या दराने तीस वर्षांसाठी घेतले, त्याचा हप्ता १,७५० होता. मे २०२३ मध्ये प्राइम ६.२५ वर पोचला आणि तोच हप्ता तीन हजारांवर गेला. जानेवारी २०२४ मध्ये दर पाव टक्का उतरला, तेव्हा काही घरांत जणू पेढे वाटायचे बाकी होते. ज्यांनी सही करताना कारकुनाला एवढेच विचारले असते, की "दर चार टक्क्यांनी चढला तर माझा हप्ता किती होईल?", त्यांना निदान आधी कळले असते. आमच्या ओळखीच्या चार कुटुंबांना आम्ही विचारले. चौघांपैकी एकानेही तो प्रश्न केला नव्हता.

यावर आम्हाला दोन उत्तरे मिळतात. पहिले, "मग काय जन्मभर भाड्याने राहावे?" असे आम्ही म्हटलेले नाही. आम्ही स्वतः घर घेतले, फेडले, आणि म्हातारपणी घरमालक दाराशी येत नाही याचे सुख रोज भोगतो. आमचे म्हणणे इतकेच, की व्याज हेही भाडेच आहे. घराचे नसून पैशाचे. भाडे पाण्यात जात असेल तर व्याजही त्याच पाण्यात जाते. दुसरे उत्तर शहाण्या मुलांकडून येते, की तीस वर्षांनंतरचा शेकेल आजच्या शेकेलाइतका वजनदार नसेल, तेव्हा एकोणीस लाखांची बेरीज फसवी आहे. हे आम्ही मान्य करतो. न जोडलेल्या स्थिर व्याजाच्या कर्जाला ते लागू आहे. मदादला जोडलेल्या भागाला ते मुळीच लागू नाही, कारण तेथे शेकेलाचे वजन बँक स्वतः भरून घेते. नेमका हाच भेद ती मुलेही करीत नाहीत.

बँकेच्या शाखेत हेतेर इस्का नावाचा कागद असतो. तोरात आपल्या बांधवाकडून व्याज घेण्यास मनाई आहे, म्हणून या कागदाने कर्जाला भागीदारीचे रूप दिलेले असते. असो, धर्मशास्त्र आमचा विषय नाही. पण आपला वाटा आधी घेणारा असा भागीदार आमच्या वाडवडिलांनी घाण्यावर ठेवून घेतला नसता. कोकणात लोक आपल्याला शनवार तेली म्हणत. तीळ किती घातले आणि तेल किती निघाले, याचा हिशेब ज्याला येत नाही त्याने तेल काढू नये. आज त्याच तेल्यांची नातवंडे डोळ्यांना झापड बांधून घाण्याभोवती फिरू लागली आहेत, याचे आम्हाला वाईट वाटते.

आणि सर्वांत जास्त वाईट वाटते ते आयांचे. आता नवी पद्धत निघाली आहे. मुलाजवळ आरंभीची रक्कम नसते, कारण पहिल्या घरालाही बँक किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंतच देते. मग लोद-रमल्याचे आईबापांचे फिटलेले घर तारण ठेवून तेवढी रक्कम उभी करतात. एका विधवा बाईंना आम्ही ओळखतो. यजमानांनी तीस वर्षे कारखान्यात राबून ते घर सोडविले होते. तीन मुलांपैकी धाकट्यासाठी त्यांनी सही केली. कागद हिब्रूत, चष्मा घरी राहिलेला. "मुलगा वाईट सांगणार नाही," एवढाच आधार. मुलगा वाईट नव्हताच. पण प्राइम चढला, त्याचे दोन्ही हप्ते चढले, आणि आता बाई स्वतःच्या पेन्शनीतून एक हप्ता भरतात आणि थोरल्या दोघांना ते कळू देत नाहीत. थोरल्यांना कळेल तेव्हा काय होईल, हे आम्ही येथे लिहीत नाही. वाचकांना आपापल्या घरावरून कल्पना येईल.

हप्ते पुढे ढकलण्याच्या सवलतीबद्दलही दोन शब्द. २०२० साली करोनाच्या वेळी अनेकांनी हप्ते थांबविले आणि बँकेने उपकार केले असे समजले. थांबला तो हप्ता. व्याज थांबले नव्हते, ते पुढील कर्जात मिसळले. ज्यांची नोकरीच गेली त्यांना इलाज नव्हता. पण केवळ मिळते म्हणून घेणारेही आम्ही पाहिले.

सरकारने काहीच केले नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. ऑगस्ट २०२२ पासून प्रत्येक बँकेने मश्कंता मागणाऱ्याला तीन ठराविक, सर्व बँकांत सारख्या, टोपल्या दाखविल्या पाहिजेत. एकीत सारे कर्ज स्थिर व्याजाचे असते. आणि प्रत्येक टोपलीखाली कर्जाच्या अखेरपर्यंत एकूण किती रक्कम जाईल, याचा अंदाज छापलेला असतो. म्हणजे जो आकडा त्या मुलाला बेएर शेव्यात सांगता आला नाही, तो त्याच्या घरातल्या कपाटात, त्याच्याच कागदावर छापलेला होता. त्यामुळे यापुढे आम्ही कारकुनाला दोष देऊ शकत नाही.

हातात जास्तीचे पैसे आले, कोठून बक्षीस, कोठून पेन्शनची रक्कम, तर बँक विचारते की हप्ता कमी करू की मुदत? आमची मंडळी हप्ता कमी करून घेतात. मुदत कमी करावी. प्राइमच्या भागाची लवकर परतफेड केली तर व्याजफरकाचा दंड पडत नाही, हेही पुष्कळांना माहीत नसते. स्थिर व्याजाच्या भागाला दंड पडू शकतो, पण तुमच्या दरापेक्षा चालू सरासरी दर वर गेलेला असेल तर तोही पडत नाही. शाखेत जाऊन लेखी आकडा मागावा.

आमची समाजाच्या मंडळांना एक सूचना आहे. नव्या घराचा मलिदा जरूर करावा, आम्ही खजूर आणि पोहे घेऊन येऊ. पण सहीच्या आधी, महिन्यातून एक संध्याकाळ, ज्यांना घर घ्यावयाचे आहे त्यांनी त्या तीन टोपल्यांचे कागद घेऊन मंडळाच्या खोलीत बसावे. आपल्यात बँकेतून निवृत्त झालेले लोक आहेत, शिक्षक आहेत, हिशेबनीस आहेत. ज्या आयांना सही करावयाची आहे त्यांना तो कागद ओळ न ओळ मराठीत वाचून दाखवावा. आम्ही येण्यास तयार आहोत. त्या वडीलधाऱ्या गृहस्थांनाही आमचे निमंत्रण आहे, आणि १९७४ सालच्या मश्कंतेचे त्यांचे जुने पुस्तक अजून जपलेले असेल तर ते सोबत आणावे.