देव परत आले, पण कोठे?

तामिळनाडूच्या अरियलूर जिल्ह्यातील श्रीपुरंदान हे लहानसे गाव. तेथील बृहदीश्वर मंदिरातील चोलकालीन नटराज २००६ साली चोरीस गेला. २००८च्या प्रारंभी ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय कलादालनाने तो न्यूयॉर्कमधील सुभाष कपूर या व्यापाऱ्याकडून पन्नास लाख डॉलर मोजून विकत घेतला. गावाला चोरीचा पत्ता लागला, तो त्यानंतर काही महिन्यांनी! नित्यपूजा बंद, गाभाऱ्याला कुलूप. आणि कुलूप शाबूत म्हणजे देवही आत आहे, ही सर्वांची समजूत. देव मात्र समुद्रापार कॅनबेरामध्ये जाऊन उभा राहिला होता.

ही किमया साधते कशी? गावातील फुटकळ चोर मूर्ती उचलतो, दलाल ती बंदरापर्यंत पोहोचवतो, ‘नवी हस्तकला’ म्हणून ती जहाजावर चढते आणि परदेशात तिला नवी वंशावळ मिळते. नटराजाबाबतही तेच झाले. १९७२चा पुरावस्तू कायदा होण्यापूर्वीच मूर्ती भारताबाहेर गेली होती, असे दाखवणारे बनावट कागद तयार करण्यात आले आणि विद्वानांनी भरलेल्या त्या दालनाने ते खरे मानले. पन्नास लाख डॉलरचा धनादेश फाडणाऱ्यांना भारतात साधी चौकशी करण्याइतकी सवड नव्हती काय? की सत्य कळले तर खरेदी हुकेल, ही धास्ती होती?

आमच्याकडील काही बुद्धिवंतांचा युक्तिवाद याहून चमत्कारिक आहे. ‘तेथे मूर्ती निदान सुरक्षित तरी राहतात’, असे ते म्हणतात. घरातील मूल पळवून नेणाऱ्याने त्याला चांगले कपडे घातले, म्हणून त्याला पालकत्व बहाल करायचे काय? जेथे मोठा गिऱ्हाईक आहे, तेथेच चोराचा धंदा चालतो. देव ही कुणाच्या दिवाणखान्याची शोभा नव्हे, हे इंग्लंडच्या न्यायालयालाही मान्य करावे लागले. पत्तूरचा नटराज १९७६ साली जमिनीखाली सापडला आणि चोरट्या मार्गाने लंडनला गेला. त्या खटल्यात भग्न अवस्थेतील मंदिरालाही दावेदार म्हणून उभे राहण्याचा अधिकार आहे, हे तेथील अपील न्यायालयाने १९९१ साली मान्य केले आणि देव मायदेशी परतला. परक्या न्यायाधीशांना मंदिराचे अस्तित्व दिसले. ते आम्हांला कधी दिसणार?

कपूरला २०११ साली जर्मनीत अटक झाली, २०१२ साली तो भारताच्या ताब्यात आला आणि २०२२ साली कुंभकोणमच्या न्यायालयाने त्याला दहा वर्षांची शिक्षा ठोठावली. २०१४ साली ऑस्ट्रेलियाच्या पंतप्रधानांनी नटराज स्वतः भारताच्या पंतप्रधानांकडे सुपुर्द केला. २०२४च्या सप्टेंबरमध्ये अमेरिकेने एकाच वेळी २९७ पुरावस्तू परत केल्या. त्याच वर्षी जुलैमध्ये उभय देशांत सांस्कृतिक संपदेविषयी करारही झाला. हे सारे अभिमानास्पदच आहे.

परंतु टाळ्या वाजवून झाल्यावर एक अप्रिय प्रश्न उरतो. श्रीपुरंदानच्या नटराजाची ओळख पटली ती पुदुच्चेरीतील फ्रेंच संस्थेच्या संग्रहातील छायाचित्रांमुळे. त्या संस्थेने मंदिरात जाऊन छायाचित्रे घेतली नसती, तर आमचा देव आमचाच आहे, हे कोणत्या कागदाने सिद्ध केले असते? देवस्थानांचा कारभार हाती ठेवणाऱ्या सरकारी खात्याला हुंडी मोजता येते, मूर्तींची नोंद ठेवता येत नाही! परतलेला नटराजही आधी पोहोचला तो गाभाऱ्यात नव्हे, कुंभकोणमच्या सरकारी मूर्तिकेंद्रात. कायद्याचा धाक म्हणावा, तर पुरावस्तूंच्या बेकायदा निर्यातीस १९७२च्या कायद्यात कमाल शिक्षा तीन वर्षांची. कोट्यवधींच्या धंद्यात तीन वर्षांची भीती कोण बाळगणार?

तथापि, सारा दोष सरकारच्या माथी मारून समाजाला सुटका नाही. ज्या मंदिरात रोज दिवा लागतो, तेथे देव नाहीसा झालेला दोन वर्षे लपून राहत नाही. समर्थ रामदासांच्या जन्मगावी, जालना जिल्ह्यातील जांब येथे, ऑगस्ट २०२२मध्ये राममंदिरातील मूर्ती चोरीस गेल्या. तेथे पूजा चालू होती, म्हणून बोभाटा तत्काळ झाला, अवघा महाराष्ट्र हळहळला आणि काही आठवड्यांतच पोलिसांनी मूर्ती परत मिळवल्या. श्रीपुरंदान आणि जांब यांतील फरक हा जागत्या समाजाचा फरक आहे.

तेव्हा काम घरापासूनच सुरू व्हावे. सुट्टीत गावी जाणाऱ्या प्रत्येक कुटुंबाने ग्रामदैवताच्या मूर्तींची सर्व बाजूंनी छायाचित्रे घ्यावीत. उंची, धातू वा दगड, जुन्या खुणा, कोरलेली अक्षरे लिहून ठेवावीत. एक प्रत देवस्थानाकडे, एक पोलीस ठाण्यात द्यावी. जेथे पूजा खंडित झाली आहे, तेथे ती पुन्हा सुरू करावी. या कामाला ना अनुदान लागते, ना मंत्र्याची शिफारस. देव परदेशातून परत आणण्याचे श्रेय सरकार घेईल. परंतु तो जाऊच नये, यासाठी गाभाऱ्यातील दिवा तेवता ठेवण्याचे कर्तव्य समाजाचेच आहे.