कुपीवरच्या चिठ्ठीवर किती विश्वास ठेवायचा?

अंशशोधन न केलेल्या तापमापकाची नोंद भौतिकशास्त्राचा प्रथम वर्षाचा विद्यार्थीही ग्राह्य धरत नाही. जीवशास्त्राच्या प्रयोगशाळेत मात्र बर्फातून आलेली प्रतिपिंडाची कुपी केवळ तिच्यावरील चिठ्ठीच्या भरवशावर सर्रास वापरली जाते. प्रतिपिंड हेही मोजमापाचे साधनच आहे, याचा जणू विसर पडला आहे.

इंटरल्यूकिन-१ बीटाचे उदाहरण घ्यावे. दाहाचा संदेश देणारे हे प्रथिन पेशीत प्रथम सुमारे ३१ किलोडाल्टनच्या निष्क्रिय पूर्वरूपात तयार होते. कॅस्पेज-१ हे विकर त्याला छाटते, तेव्हा १७ किलोडाल्टनचे सक्रिय रूप मिळते. प्रतिपिंड दोन्ही रूपांना चिकटत असेल आणि मेलेल्या पेशींतून पूर्वरूप द्रवात पाझरले असेल, तरीही एलायझाचा आकडा वाढतो. मग शोधनिबंधात ‘दाह वाढला’ असे छापून येते. मोजलेले असते ते पेशींचे मरण!

हा दोष एकट्या भारताचा नाही. चेतासंस्थेशी संबंधित ६५ प्रथिनांसाठी बाजारात मिळणाऱ्या ६१४ प्रतिपिंडांची परीक्षा २०२३ मध्ये ‘ईलाइफ’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाली. कसोटी सरळ होती: ज्या पेशींतून त्या प्रथिनाचे जनुकच काढून टाकले आहे, तेथेही संकेत दिसला तर प्रतिपिंड खोटे बोलते. आपले लक्ष्य न ओळखणाऱ्या प्रतिपिंडांवर बेतलेली माहिती प्रत्येक प्रथिनामागे सरासरी सुमारे १२ शोधनिबंधांत आढळली.

जून २०२५ मध्ये केंद्रीय अर्थ मंत्रालयाने वैज्ञानिक संस्थांचे खरेदीनियम शिथिल केले. ‘जेम’ संकेतस्थळाबाहेरून खरेदीची मुभा मिळाली. दरपत्रके न मागवता करावयाच्या खरेदीची मर्यादा १ लाखावरून २ लाख रुपयांवर गेली. त्याचे स्वागत झाले, ते योग्यच. परंतु या सुधारणेने कुपी लवकर येईल, एवढेच. ती नेमके काय ओळखते हे तपासण्याचा खर्च आणि वेळ अनुदानाच्या कोणत्या शीर्षाखाली मांडायचा?

‘आपल्याला हे परवडत नाही’ हे उत्तर ठरलेले आहे. वास्तविक ज्याच्या हाती पैसा थोडा, त्यालाच चुकीचे प्रतिपिंड सर्वांत महाग पडते: त्यात कुपीची किंमत जातेच, शिवाय एखाद्या विद्यार्थ्याची दोन वर्षे जातात. प्रत्येक प्रयोगशाळेने सारे स्वतः करावे, असेही नाही. पुण्याच्या राष्ट्रीय पेशीविज्ञान केंद्रात पेशींचे भांडार आहेच. जनुक वगळलेल्या पेशींचा सामायिक साठा अशा ठिकाणी उभा राहू शकतो. अनुसंधान नॅशनल रिसर्च फाउंडेशनने अनुदान देताना पडताळणीचा पुरावा मागावा आणि तिचा खर्चही द्यावा. पुनःसंयोजित प्रतिपिंडांना प्राधान्य द्यावे. वरील परीक्षेत सरासरीने तीच सरस ठरली.

विद्यार्थ्यांनी धोरणाची वाट पाहण्याचे कारण नाही. पुढचा शोधनिबंध वाचताना तीन प्रश्न विचारावेत. प्रतिपिंडाचा कॅटलॉग क्रमांक दिला आहे का? ते प्रथिनाचे कोणते रूप, कोणत्या प्राण्याचे, ओळखते? प्रथिनच नसलेल्या पेशींवर ते तपासले आहे का? उत्तरे नसतील, तर आलेख कितीही देखणा असो, तो पुरावा नव्हे.