आसनं सात, भार किती?

गणपतीला कोकणात निघालेल्या सात आसनी गाडीत सात माणसं, मागे बोचकी आणि टपावर कॅरियर, यात कोणालाच काही खटकत नाही. आसनं कंपनीनेच दिली, मग एवढा भार चालणारच, असा सरळ हिशेब. तो चुकीचा आहे. समजा, रिकाम्या गाडीचं वजन १२०० किलो आणि भारासह कमाल मर्यादा १७५० किलो आहे. म्हणजे हाती उरतात ५५० किलो. सरासरी ६५ किलोची सात माणसं त्यातले ४५५ खातात. सामानाला राहतात जेमतेम ९५, आणि कॅरियरचं वजनही त्यातच.

‘इंजिन आरामात ओढतं की!’ ओढतं, खरंच. पण कुंभार्ली घाट उतरताना प्रश्न थांबण्याचा असतो. जादा वजनाची ऊर्जा ब्रेकना उष्णता करून जिरवावी लागते. हवा कमी असेल तर टायरही तापतात. टपावरचं ओझं गुरुत्वमध्य वर नेतं, म्हणून टपाची मर्यादा वेगळी आणि बरीच कमी असते. दुसरी गाडी परवडत नाही, हा आक्षेप मात्र खोटा नाही. जड सामान तळाशी, आसनाला टेकवून ठेवणं आणि दारापाशी लिहिलेली पूर्ण भाराची हवा भरणं यांना फारसा खर्च नाही. त्याने मर्यादा वाढत नाही, हे खरं. पण तांदळाचं पोतं गावातही मिळतं.