‘हे एआय आहे’ म्हणणाऱ्यांना डॉक्युमेंटरीचा कॅमेरा काय उत्तर देतो?

मे २०२५ मध्ये गूगलचं ‘व्हिओ ३’ आलं आणि दोन ओळी टाइप करून आवाजासकट व्हिडिओ बनायला लागला. मग डॉक्युमेंटरी शूट करणाऱ्यांचं काम संपलं का? माझ्या मते उलट आहे. त्यांची गरज वाढलीय.

युक्रेनमधलं मारियुपोल शहर घ्या. ९ मार्च २०२२ ला तिथल्या प्रसूती रुग्णालयावर बॉम्ब पडला. असोसिएटेड प्रेसचे मस्तिस्लाव चर्नोव्ह तिथे शूट करत होते. शहरात नेटवर्क जवळपास नव्हतंच. लुटलेल्या एका दुकानाबाहेर, जिन्याखाली बसून ते व्हिडिओ पाठवायचे.

रशियाने म्हटलं, हे सगळं नाटक आहे, गरोदर बाई अभिनेत्री आहे. मग चर्नोव्ह आणि सहकाऱ्यांनी त्या बायकांना दुसऱ्या रुग्णालयात शोधून काढलं. एकीला मुलगी झाली होती. स्ट्रेचरवरून नेलेली दुसरी आणि तिचं बाळ, दोघंही वाचले नव्हते. पुढे याच फुटेजमधून बनलेल्या ‘२० डेज इन मारियुपोल’ला २०२४ चं ऑस्कर मिळालं.

इथे मला महत्त्वाचं वाटतं ते हे: वीस सेकंदांची क्लिप कुणीही खोटी ठरवू शकतो. पण तीच माणसं, तीच जागा, आधीचं आणि नंतरचं सलग फुटेज असेल, तर ते नाकारणं अवघड जातं.

तंत्रज्ञानही मदतीला आलंय. ‘सीटूपीए’ या पद्धतीत कॅमेरा फाइलवर डिजिटल सही करतो. नंतर कुणी गुपचूप छेडछाड केली की सही जुळत नाही. २०२३ च्या लायका एम११-पी कॅमेऱ्यात आणि २०२५ च्या पिक्सेल १० फोनमध्ये फोटोंसाठी ही सोय आहे. पण लक्षात घ्या, सही फक्त फाइलबद्दल बोलते. समोरचा प्रसंग खरा की रचलेला, हे ती सांगत नाही. ते काम तिथे उभ्या असलेल्या माणसाचंच.

उद्या तुमच्यासमोर अपघात किंवा पूर आला, तर आधी स्वतःला सांभाळा. मग जमेल तेवढं सलग शूट करा, आजूबाजूची ओळखीची जागा फ्रेममध्ये घ्या आणि मूळ फाइल डिलीट करू नका. व्हॉट्सॲपवर पाठवताना ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा. साधा व्हिडिओ पाठवला की तो कॉम्प्रेस होतो आणि फाइलमधली माहिती गळून पडते. पुरावा म्हणून उपयोगी पडेल ती मूळ फाइलच.