काजव्यांच्या झाडाखाली मोबाइल नको!

मे संपत आला की मुंबई-पुणे-नाशिकच्या गाड्या भंडारदरा, पुरुषवाडी, राजमाचीकडे वळतात. हिरडा, बेहडा, सादडा, जांभूळ अशा झाडांवर काजवे लुकलुकू लागतात आणि पावसाने जोर धरला की दिसेनासे होतात. हाताशी जेमतेम काही आठवडे असतात. यंदा जाणार असाल तर कळकळीची विनंती आहे : मोबाइल मुक्कामावरच ठेवा.

अंधाराला डोळा नीट सरावायला २० ते ३० मिनिटं लागतात. तेवढ्यात कुणी एक मेसेज उघडून पाहिला की त्याचा सराव मोडतो आणि शेजारी उभ्या असलेल्यांचाही. मग काजवे दिसतात ते फक्त अगदी ठळक; दूरच्या फांद्यांवरचे, गवतातले मंद ठिपके दिसतच नाहीत. रातवा पक्ष्याची हाकही पडद्यात डोकं घातलेल्याच्या कानावरून जाते.

नर लुकलुकतो तो मादीला बोलावण्यासाठी. गवतात, पानांत बसलेली मादी तिच्या प्रकाशाने उत्तर देते. आपल्या फ्लॅशच्या झोतात ही हाक-उत्तरं हरवतात. अळीच्या रूपात महिनोन्‌महिने जमिनीत काढल्यावर प्रौढ काजव्याला उरलेलं आयुष्य थोड्याच दिवसांचं. त्यातली एक रात्र आपण वाया घालवणं मला तरी क्रूरपणाचं वाटतं.

आणि फोटो कशासाठी? इन्स्टाग्रामवरची ती उजळलेली झाडं बहुतेकदा ट्रायपॉडवरच्या कॅमेऱ्याने बराच वेळ टिपलेल्या अनेक फ्रेम एकत्र करून तयार होतात. साध्या मोबाइलवर बहुधा काळोखच येतो. लिंडा हेंकेल या मानसशास्त्रज्ञ बाईंनी २०१४ साली संग्रहालयातल्या वस्तूंवर केलेला प्रयोग प्रसिद्ध केला. ज्या वस्तूंचे लोकांनी पूर्ण फोटो काढले, त्या नुसत्या पाहिलेल्या वस्तूंपेक्षा त्यांना कमी आठवल्या.

अडीअडचणीसाठी गटात एकाकडेच मोबाइल असू द्या, तोही बंद. वाटेपुरती टॉर्च लागली तर तिच्यावर लाल जिलेटीन कागद बांधा, झोत पायाशी ठेवा. गाड्या झाडांपासून लांब लावा, दिवे विझवा. गवतात शिरू नका. तिथे माद्या असतात.

गावातल्या यजमानांना पाहुण्यांना टोकायची भीड वाटते. त्यांची हंगामाची कमाई आपल्यावर असते. तेव्हा आपल्या माणसांना आपणच टोकायला हवं. निघण्याआधी ट्रेकच्या ग्रुपवर हे पक्कं ठरवून घ्या, आजच.