आमचा श्रावण कोणता?

जबलपुरातील पुष्कळ मराठी घरांच्या भिंतींवर दोन पंचांगे शेजारी शेजारी टांगलेली आढळतात. एक याच शहरात छापले जाणारे लाला रामस्वरूप यांचे. दुसरे १९७३ सालापासून मुंबईहून निघणारे ‘कालनिर्णय’. हे द्वैत आता पुरे झाले, जेथे राहतो तेथील गणना मुकाट्याने पत्करावी, मुलांच्या डोक्याला दुहेरी ताप नको, असे सांगणारे शहाणे अलीकडे आपल्यातूनच निघू लागले आहेत. त्यांचा हा उपदेश दिसतो तितका निरुपद्रवी नाही.

भेद आहे तो एवढाच. आपला महिना अमावास्येला संपतो, येथील हिंदी भाषकांचा पौर्णिमेला. शुक्ल पक्षाचे नाव दोहोंकडे एकच. वद्य पक्षाचे मात्र त्यांच्याकडे एक महिना पुढचे. आपली महाशिवरात्र माघ वद्य चतुर्दशीची, त्यांची फाल्गुन कृष्ण चतुर्दशीची, दिवस एकच. म्हणून हा नुसता नावाचा वाद, त्यात काय एवढे, असे वरवर पाहणाऱ्यास वाटते. परंतु समजा, एखाद्या घरातील आजोबा श्रावण वद्य पंचमीस वारले. नातवाने तिथी तोंडपाठ ठेवली आणि येथल्या पंडितजींना सांगितली. पंडितजींनी आपल्या पंचांगात श्रावण कृष्ण पंचमी काढली. ती आपली आषाढ वद्य पंचमी! श्राद्ध एक महिना आधी उरकले गेले, आणि चूक कोणाचीच नाही. पंडितजींचे पंचांग बरोबर, नातवाची स्मृतीही बरोबर. तुटला तो फक्त त्या दोहोंना जोडणारा धागा, म्हणजे ‘आमची गणना अमान्त आहे’ एवढे ज्ञान. श्राद्धावर ज्याची श्रद्धा नाही त्याने हेच उदाहरण आजीच्या जन्मतिथीचे घ्यावे.

श्रावणी सोमवाराची गोष्ट तर नावापुरतीही राहत नाही. त्यांचा श्रावण आपल्याआधी पंधरवडाभर लागतो आणि राखीला संपतो. आपला पोळ्याला संपतो. दोघांचे उपवास निम्मेच जुळतात. सून म्हणते सोमवार संपले, सासूबाई म्हणतात अजून दोन उरले. या घरात कोणी कोणाला अडाणी ठरवायचे?

येथे आमच्यातील दुसऱ्या टोकाच्या मंडळींनाही दोन शब्द सुनावणे भाग आहे. आपलीच गणना शास्त्रशुद्ध आणि उत्तरेकडील अशुद्ध, असे छाती फुगवून सांगणे हा निव्वळ गावंढळपणा होय. पौर्णिमान्त रीतही प्राचीन आहे आणि कोट्यवधी लोक तीवर सुखाने जगतात. तथापि ‘स्थानिक तेच सोपे’ म्हणणाऱ्यांनी त्या सोप्या पंचांगाची पाने जरा उलटून पाहावीत. होळीच्या दुसऱ्या दिवशी तेथे चैत्र लागतो, पण वर्ष मात्र जुनेच चालू राहते. नवा संवत् पंधरा दिवसांनी, शुक्ल प्रतिपदेला, म्हणजे आपल्या पाडव्याच्याच दिवशी. एकच चैत्र दोन वर्षांत विभागलेला! अधिक मासाचेही तसेच. २०२३ साली त्यांचा श्रावण ४ जुलैला लागला, कृष्ण पक्ष संपताच १८ जुलैपासून १६ ऑगस्टपर्यंत मध्ये अधिक मास शिरला, आणि उरलेला अर्धा श्रावण १७ ऑगस्टला पुन्हा सुरू झाला. तो अधिक मास अमावास्येपासून अमावास्येपर्यंतच मोजलेला होता. पौर्णिमान्त पंचांगालाही वर्षारंभ आणि अधिक मास यांसाठी अमान्त हिशेबच हाती धरावा लागतो, तर आपल्या मुलांनी तो टाकावा का?

कालगणना माणसाने कल्पिलेलीच असते, हे आम्हांस मान्य आहे. १९५५ या एकाच वर्षी याचे तीन मासले प्रसिद्ध झाले. टॉल्किन या इंग्रज कादंबरीकाराने आपल्या कल्पित खुजा लोकांसाठी रचलेले पंचांग त्या वर्षी छापले गेले: बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस, उरलेले दिवस महिन्यांबाहेर, आणि प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरलेला. आमची काही तरुण मंडळी ते आनंदाने पाठ करतात. वद्य पक्ष म्हणजे काय ते मात्र त्यांना अवघड वाटते! त्याच वर्षी मेघनाद साहा समितीचा अहवाल आला, आणि २२ मार्च १९५७ रोजी, शके १८७९ च्या १ चैत्रास, राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. गणिताने ती निर्दोष. पण सौर महिन्यांना चांद्र नावे दिल्यामुळे २०२४ साली राष्ट्रीय चैत्र २१ मार्चला लागला आणि पाडवा उजाडला ९ एप्रिलला. राजपत्रावर ती छापली जाते. घरात तिला कोणी विचारीत नाही.

तिसरे पुस्तक आपल्या वा. वि. मिराशींचे, कलचुरि-चेदि संवताच्या कोरीव लेखांचे. हा संवत् इ. स. २४८-४९ च्या सुमाराचा. मिराशींच्या मते त्याचा उगम आभीर राजा ईश्वरसेनाकडे जातो, ज्याचा लेख नाशिकच्या लेण्यांत आहे. महाराष्ट्र-गुजरातेत रुळलेला तो संवत् कलचुरींबरोबर त्रिपुरीस, म्हणजे येथून हाकेच्या अंतरावरील तेवरास आला. भेडाघाटच्या अल्हणदेवीच्या लेखावर संवत् ९०७, म्हणजे इ. स. ११५५ असा काळ आहे. आपल्याआधी आपल्याच वाटेने नर्मदेकाठी आलेला हा पाहुणा! पुढे राज्य बुडाले आणि संवतही बुडाला. शिवछत्रपतींनी १६७४ साली सुरू केलेला राज्याभिषेक शकही मराठी सत्तेबरोबर व्यवहारातून उठला.

आमचा अमान्त महिना येथे टिकला, कारण तो दरबारात नव्हे, देवघरात होता. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत नागपूर आणि जबलपूर निराळ्या राज्यांत गेली, तरी त्यास धक्का लागला नाही. आता घरानेच तो सोडला तर कोणतेही राजपत्र त्यास सांभाळणार नाही.

तेव्हा आमचे मागणे साधे आहे. मंडळांच्या निमंत्रणपत्रिकांवर आणि घरच्या टिपणवहीत तिथी दोन्ही रीतींनी लिहावी: श्रावण वद्य पंचमी, हिंदी भाद्रपद कृष्ण पंचमी. पत्रिकेत एक ओळ वाढेल. कागद महाग झाला आहे, हे आम्हांस ठाऊक आहे. पण त्याच पत्रिकेवर स्वागतोत्सुकांची वीस-वीस नावे छापताना कोणी कागदाचा विचार केल्याचे आमच्या पाहण्यात नाही.