पाहुणा येऊ द्या, पण ग्रामसभेच्या दारातून



आधी माझी चूक सांगते, मग माझं मत सांगते.

मागच्या पावसाळ्यात सौंदडला स्टेशनाकडच्या चहाटपरीवर एक माणूस भेटला. शहरातला, बोलायला गोड. सहली काढायचा धंदा आहे म्हणाला. पावसाळ्यात वाघ पाहायची सफारी गाभ्यात बंद असते, म्हणून त्याला गाव पाहिजे होतं. योजना अशी, की सकाळी नागपूरहून गाडी निघणार, हायवेने आमच्या टोल्यात येणार. जंगलात फेरी, रानभाजी तोडणं, मग गावातल्या बायांच्या चुलीपाशी बसून स्वयंपाक शिकणं. पळसाच्या पत्रावळीवर जेवण, सांजेला नवेगावचा तलाव पाहून परत. एका दिवसात जंगल, जेवण आणि शिकवणी.

मी बारावी शिकून घरी बसलेली. वाटलं, बरं आहे, गावात चार पैसे येतील. मी "हो" म्हटलं. कोणाला विचारलं नाही. ग्रामसभेच्या हक्काच्या गोष्टी गावोगाव सांगत फिरणारी मी, आपल्याच ग्रामसभेला विसरले.

पहिल्या रविवारी पंधरा माणसं आली. खरं सांगायचं तर माणसं चांगली होती. माझ्या आजीने वास्ते केले. बांबूचा कोवळा कोंब कसा सोलायचा, बारीक कापून रात्रभर पाण्यात का ठेवायचा, ते पाणी का फेकायचं, मग उकळून पुन्हा पाणी का काढायचं, हे सगळं तिने सांगितलं. एक पोरगी वहीत लिहून घेत होती. रात्री आजी मला म्हणाली, "जिंदगीत पयल्यांदा कोनी वही घेऊन माह्या चुलीपाशी बसलं वो."

हे मी मुद्दाम लिहिते आहे. काही साथी म्हणतात, पर्यटन म्हणजे सगळी नासाडी, एकही गाडी गावात येऊ देऊ नका. त्यांनी माझ्या आजीचा तो चेहरा पाहिला नाही. शाळेत आमच्या पोरांना रानभाजी खाणारे म्हणून हसतात. तीच भाजी शिकायला कोणी पैसे देऊन येतो, यात बाईचा मान आहे. तो मान नाकारणारी मी कोण?

पण दुसरा रविवार पण ऐका.

दुसऱ्या रविवारी बावीस माणसं आली. प्रत्येकाला स्वतःच्या हाताने वास्ता तोडायचा होता, फोटो पाहिजे होता. एकाच बांबूच्या बेटातले सगळे कोंब तोडले. आपल्याला माहीत आहे, आज तोडलेला प्रत्येक वास्ता म्हणजे उद्याचा एक बांबू कमी. म्हणून आपल्या बाया एका बेटातले दोन-चार घेतात आणि पुढे जातात. हा नियम कुठे लिहिलेला नाही, पण तो आहे. त्या दिवशी तो मोडला आणि वाट दाखवणारी मी होते.

त्याच वाटेवर आमचं पेनठाणा आहे. दोघे-तिघे चपला घालून आत गेले, फोटो काढले. मी अडवलं नाही, पाहुणे म्हणून गप्प राहिले. गावात कळलं तेव्हा आजी दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी एवढंच म्हणाली, "भाजी दाखवाची होती तं भाजी दाखवाची. देव काहून दाखवला?"

आता हिशोब पाहू. तो मी नंतर कागदावर मांडला. आधी मांडायला पाहिजे होता.

माणशी 2000 रुपये घेतले. पहिल्या रविवारी पंधरा माणसं, म्हणजे 30,000 रुपये. स्वयंपाक करणाऱ्या पाच बायांना 300 प्रमाणे 1500, मला वाट दाखवायचे 500. गावात आले 2000. भाजी फुकट, लाकूड फुकट, पत्रावळ्या फुकट, अंगण फुकट. गाडी, डिझेल, जाहिरात त्याची, हे मान्य. त्यासाठी 10,000 धरा. तरी 18,000 गावाबाहेर गेले. बायांना मिळालं ते रोवणीच्या रोजाएवढंच. आणि रोवणीचे दिवस होते, म्हणजे कोणाच्या तरी वावरातलं काम सोडून त्या आल्या होत्या. शिकवणारीला मजुरी आणि शिकवायला घेऊन येणाऱ्याला फी, हा कोणता न्याय?

काही जण म्हणतील, दोन हजार तरी आले ना. मी पण आधी असंच म्हटलं होतं. पण प्रश्न फक्त किती रुपयांचा नाही. ती विद्या कोणाची आणि ते जंगल कोणाचं, हा प्रश्न आहे. याचं उत्तर आपल्याला 2006 च्या वनहक्क कायद्याने दिलेलं आहे.

आपल्या गोंदिया जिल्ह्यात पेसा लागू नाही. शेजारच्या गडचिरोलीत आहे, म्हणून तिकडचे साथी पेसाचं बोलतात. आपला मोठा आधार वनहक्क कायदाच आहे. त्यातल्या तीन गोष्टी या विषयाला लागतात.

पहिली गोष्ट, गौण वनोपजावर मालकी. गोळा करणं, वापरणं, विकणं, तिन्ही आले. बांबू, मध, तेंदूपान, औषधी वनस्पती, कंदमुळं, सगळं त्यात आहे. 2012 च्या सुधारित नियमांनी वनोपजावर प्रक्रिया करणं, साठवणं, वाहून नेणंही त्यात स्पष्ट घातलं. म्हणजे मोहफूल विकता येतं, तसा मोहाचा लाडू करून पण विकता येतो.

दुसरी गोष्ट, सामूहिक वनसंपदेचं रक्षण आणि व्यवस्थापन करायचा हक्क. कुठून किती तोडायचं, कधी तोडायचं नाही, हे ग्रामसभा ठरवू शकते. जंगल, वन्यजीव आणि जैवविविधता जपायचा अधिकार कलम 5 ने ग्रामसभेला दिला आहे. अधिकार आहे म्हणजे जबाबदारी पण आहे. ते बेट उजाड झालं त्याचा जाब वनखात्याने नाही, आपण स्वतःला विचारायचा.

तिसरी गोष्ट फार कमी गावांना माहीत आहे. कलम 3(1) च्या यादीतच लिहिलं आहे, की जैवविविधतेशी आणि संस्कृतीशी जोडलेल्या पारंपरिक ज्ञानावर आणि बौद्धिक संपदेवर समाजाचा सामूहिक हक्क आहे. वास्त्याचं पाणी का फेकायचं, कोणती सात्या खायची आणि कोणतीला हात लावायचा नाही, हेच ते ज्ञान. ते आजीच्या एकटीचं नाही, तिला तिच्या मायने दिलं. आणि ते अर्धवट शिकून कोणी शहरात जाऊन भलतीच सात्या खाल्ली, तर जिवावर बेतू शकतं. एका तासाच्या शिकवणीत सात्या ओळखायला येत नाही. म्हणून काय शिकवायचं आणि काय शिकवायचं नाही, हे पण आपणच ठरवायचं.

आता आजूबाजूला पाहू. नवेगावचं राष्ट्रीय उद्यान 1975 चं. डिसेंबर 2013 मध्ये नवेगाव, नागझिरा, नवीन नागझिरा, कोका मिळून व्याघ्र प्रकल्प झाला. गेटवर पैसे भरून शहरातला माणूस आत जातो. आणि आमच्या टोल्यातली बाई सरपणाची मोळी घेऊन येताना बीटगार्ड तिला थांबवतो, विळा काढून घेतो. आता तोच शहरातला माणूस आमच्या अंगणात जेवायला येणार असेल, तर एवढं तरी त्याला कळलं पाहिजे, की ज्या बाईने भाजी वाढली तिला ती भाजी आणायला भीत भीत जावं लागतं. हे न सांगता नुसतं जेवू घातलं, तर आपण आपलाच देखावा मांडला.

देखावा कुठपर्यंत जातो ते अंदमानात दिसलं. जारवा लोकांच्या जंगलातून जाणाऱ्या रस्त्यावर पर्यटकांच्या गाड्या जात. खाऊ दाखवून जारवा बायांना नाचायला लावल्याचं चित्रीकरण 2012 साली जगापुढे आलं. माणसाला वाघासारखं पाहायला गेले. आपलं तसं झालेलं नाही. पण पेनठाण्यात फोटो काढताना मी गप्प राहिले, ती त्याच रस्त्यावरची पहिली पायरी होती असं मला वाटतं.

चांगलं पण पाहू. अकोले तालुक्यात पुरुषवाडी हे महादेव कोळी समाजाचं गाव आहे. पावसाच्या तोंडावर काजवे पाहायला तिथे लोक जातात. पाहुणे गावातल्या घरांमध्ये जेवतात, राहतात, गावकरीच त्यांना वाट दाखवतात. आणि आपल्या जवळचं उदाहरण मेंढा-लेखाचं. त्यांना 2009 मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला आणि 2011 मध्ये बांबूच्या वाहतूक परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हातात आलं. ते पर्यटनाचं गाव नाही. पण एक धडा देतं. आधी ग्रामसभा मजबूत, मग व्यापार. व्यापाऱ्याने गावाच्या अटीवर यायचं. आपण उलटं करतो. आधी व्यापारी येतो, मग भांडण लागल्यावर ग्रामसभा आठवते.

तिसऱ्या रविवारची गाडी मी थांबवली. ग्रामसभेत उभी राहून चूक कबूल केली. दोन तास बोलणं झालं. पोरं म्हणाली, चालू ठेवा, नाहीतर आम्हाला पुन्हा कामाला परमुलखात जावं लागेल. म्हातारे म्हणाले, बंद करा. बाया आधी गप्प होत्या. मग माझी मामी उठली आणि म्हणाली, "चूल आमची, हात आमचे, अन् तुमीच बोलून राह्यले. आमाले कोनी इचारलं का?" त्यानंतर खरी चर्चा सुरू झाली.

आमचा सामूहिक दावा वर पडून आहे, अजून पट्टा हातात नाही. पण पट्टा नाही म्हणून ग्रामसभा नाही असं होत नाही. आमच्या ठरावात खालच्या गोष्टी आल्या. तुमच्या गावात असा कोणी आला तर या विचारात घ्या, कमी-जास्त करा.

1. सहलवाल्याने एका माणसाशी बोलणी करायची नाहीत. अर्ज ग्रामसभेकडे. बैठकीला निम्मे सभासद पाहिजेत आणि हजर असणाऱ्यांत किमान एक तृतीयांश बाया पाहिजेत. वनहक्काच्या नियमातली ही अट इथेही लावायची.

2. माणशी किती घेतले ते लेखी दाखवायचं. ठरलेला वाटा ग्रामसभेच्या खात्यात, बायांचे पैसे बायांच्या हातात. शिकवण्याचे वेगळे, स्वयंपाकाचे वेगळे. भाजी, लाकूड, पत्रावळी यांची किंमत लावायची.

3. एका वेळी बारापेक्षा जास्त माणसं नाहीत. रोवणी, मोहफूल आणि तेंदूपानाच्या दिवसांत सहल नाही. त्या वेळी आपल्याच बायांना फुरसत नसते.

4. भाजी गावची बाई तोडेल, पाहुणा पाहील. वास्ते आणि सात्या पाहुण्याने तोडायच्या नाहीत. चारोळीची फांदी कोणीच मोडायची नाही.

5. पेनठाणा, मसनवट आणि घराच्या आतली खोली पाहुण्यासाठी बंद. फोटो विचारूनच. आपल्या रांधण्याचं चित्रीकरण विकायचं असेल तर वेगळा ठराव.

6. जेवणाआधी अर्धा तास गावातलं कोणीतरी वनहक्काची गोष्ट सांगेल. ज्याला ती ऐकायची नाही त्याने जेवायला येऊ नये.

हा ठराव त्या माणसाला दिला. "पाहतो" म्हणाला आणि अजून आलेला नाही. काही पोरं माझ्यावर नाराज आहेत, तुझ्यामुळे रोजगार गेला म्हणतात. त्यांचा राग खरा आहे, मी नाकारत नाही. पण माझं म्हणणं असं, की तो नाही आला तर आपण स्वतः करू. रस्ता जवळ, सौंदडला रेल्वे आहे. वाट दाखवणारी पोरं आपली, रांधणाऱ्या बाया आपल्या. महिन्यातून एकच दिवस, बारा पाहुणे, पैसा ग्रामसभेचा. पहिल्या वेळी हजार मिळतील, पाचशे मिळतील. पण हिशोब आपल्या वहीत असेल.

आजीला मी विचारलं, पुन्हा शिकवशील का? म्हणाली, "शिकवीन. पन पयले आपल्या पोरींले." ही गोष्ट मला लागली. वही घेऊन तिच्या चुलीपाशी मी कधी बसले नव्हते. आता दर बुधवारी आमच्या टोल्यातल्या सात पोरी बसतात. तुमच्या गावात पण सुरू करा, त्याला कोणाची परवानगी लागत नाही.

येत्या ग्रामसभेत हा विषय घ्या. ठराव झाला तर त्याची नक्कल बुलेटिनकडे पाठवा, पुढच्या अंकात छापू.

मावा नाटे मावा राज!